ऑर्डेलची दाढी

आमच्या कॉलेजचा, हातात चेंडू घेऊन पळायच्या अमेरिकन फुटबॉलचा मोसम सुरू व्हायच्या आधी गाव एकत्र जमून पॅनकेक खातं. यंदा त्या सकाळी माझ्या नवऱ्याने, ऑर्डेलने, तोंडात घास असतानाच जाहीर केलं की आपली पोरं एक तरी सामना जिंकेपर्यंत मी दाढी करणार नाही. टाळ्या पडल्या. टाळ्या वाजवणाऱ्यांचं काय जातंय? बेसिन त्यांचं नव्हतं, आणि नोव्हेंबरात लग्न त्यांच्या मुलीचं नव्हतं.

लग्न आमच्या कॅरिनचं. आमच्या एल्म्सबर्ग गावात मोसम चालू असताना शनिवारी कोणी लग्न काढत नाही, कारण पाद्रीसुद्धा स्टेडियममध्ये असतात. म्हणून बिचारीने शेवटच्या सामन्यानंतरचा शनिवार धरला. बापाकडे तिचं एकच मागणं होतं, की मला हाताला धरून चर्चमध्ये नेशील तेव्हा तुझा चेहरा गुळगुळीत असू दे. ऑर्डेल म्हणाला, सप्टेंबर संपायच्या आत उडवतो. गेल्या वर्षी पोरं चांगली खेळली होती, त्या तोऱ्यात बोलला. ज्याच्या जिवावर ती खेळली तो मुलगा पदवी घेऊन केव्हाच शिकागोला नोकरीला लागला, हे स्वारीच्या ध्यानातच नव्हतं.

पहिला सामना चिखलात गेला. दुसऱ्यात आमच्या पोराने चेंडू छान झेलला आणि आपल्याच माणसाला धडकून हातातून पाडला. तिसरा परगावी होता, तो आम्ही घरी रेडिओवर ऐकला; अर्ध्या वेळेपर्यंत आम्ही पुढे होतो. तेवढ्यावर ऑर्डेलने रेडिओ बंद करून वस्तरा धुऊन ठेवला, आणि पुढचा अर्धा सामना मात्र विसरायच्या लायकीचा होता हे मला शेजारणीकडून कळलं. ऑक्टोबर उजाडला. दाढीत चीज अडकायला लागलं, सूप अडकायला लागलं. रात्रभर खाजवणं चालू. मी नुसती कावून गेले.

कॅरिन दर रविवारी फोन करायची. एकदा तिने सरळच विचारलं, "बाबा, लग्न माझं आहे की तुझ्या टीमचं?"

"अजून सामने आहेत की," ऑर्डेल म्हणाला.

ऑर्डेल नुसता प्रेक्षक असता तर मी एवढी वैतागले नसते. पण तो मैदानावरचा माणूस. दहा यार्ड मोजायची साखळी असते, तिची टोकं दोघे धरतात, आणि टीमचा कितवा प्रयत्न चालू आहे त्या आकड्याचा खांब तिसरा धरतो. तो तिसरा म्हणजे ऑर्डेल. कॅरिन पाळण्यात होती तेव्हापासून. हे काम करणाऱ्याने कोणाचीच बाजू घ्यायची नसते. टाळी नाही, आरोळी नाही, हुं की चूं नाही. त्यात उभं राहायचं पाहुण्या टीमच्या बाजूला. म्हणजे पाहुण्यांच्या शिव्या ऐकत दुपारभर गप्प राहायचं आणि जेवताना सगळी गरळ ओव्हनमधून काढलेल्या माझ्या हॉटडिशवर ओकायची. इतकी वर्षं हेच. मी आपली पलीकडे, आमच्या गावाच्या बाकांवर एकटी, मांडीवर ब्लँकेट घेऊन.

शेवटचा सामना आमच्याच मैदानावर, नदीपलीकडच्या कॉलेजशी. तोवर एकही विजय नव्हता. ते लोक गाड्यांच्या मागे सॉसेज भाजत मुद्दाम आमच्याकडे वस्तरे हलवून दाखवत होते. दाढीची कीर्ती नदी ओलांडून गेली होती.

आणि काय सांगू, पोरं खेळली. अंधारून आलं, बर्फ भुरभुरायला लागलं, आणि आम्ही एका गुणाने पुढे. चेंडू त्यांच्याकडे होता, पण मैदानाच्या टोकाच्या दोन उंच खांबांतून लाथेने चेंडू मारून तीन गुण घ्यायला ते फार लांब होते. त्यांनी लांब फेक केली, ती जमिनीवर पडली, आणि माझ्या नवऱ्याला वाटलं की संपलं. त्याने हातातला खांब फेकून दिला. दोन्ही हात वर करून, ओरडत, ती दाढी उडवत तो मैदानात धावला आणि आमच्या एका धिप्पाड पोराला मिठी मारली.

घड्याळात एक सेकंद शिल्लक होता.

पंचाने शिट्टी वाजवली. साखळीचा माणूस यजमानांचा, म्हणून दंड आम्हाला. चेंडू पंधरा यार्ड आमच्या टोकाच्या खांबांकडे सरकला. आता मात्र लाथ पोचण्यासारखी होती, आणि पोचली. आम्ही हरलो.

तो आठवडा कसा गेला ते विचारू नका. कॅफेत ऑर्डेल बसला की शेजारची खुर्ची रिकामी. मंगळवारी कॉलेजचा माणूस आला, कॉफी घेतली, आणि पुढच्या वर्षी तुम्ही जरा विश्रांती घ्या असं फार गोड बोलून खांबवाल्याचं जाकीट घेऊन गेला. ऑर्डेल त्याला दारापर्यंत सोडायला गेला. परत येऊन बराच वेळ खिडकीशी उभा राहिला. त्याला जेवणाला हाक मारायचंही मला सुचेना.

लग्नाच्या सकाळी चर्चच्या तळघरात मी केक मांडत होते. ऑर्डेल कोट घालून आला, हातात वस्तरा.

"काढून टाकतो. सगळ्यांना हरवलं मी. मला कसला आलाय नवस? कॅरिनला फोटो तरी नीट मिळेल."

आता, ही दाढी जावी म्हणून मी ऑगस्टपासून देव पाण्यात घातले होते. पण त्याचं ते तोंड मला बघवेना. मी वस्तरा हिसकावून घेतला.

"पोरं जिंकली का? नाही ना? मग गप बस. मुलीला काय सांगायचं ते मी बघते."

सांगायची वेळच आली नाही. कॅरिन पांढरा झगा सावरत मागेच उभी होती. तिने डोक्यातला कंगवा काढला आणि बापाची दाढी विंचरायला लागली. आधी एक केकचा कण काढावा लागला.

"पुढच्या मोसमात मी कुठे उभा राहू, लव्हॉन?" त्याने मला विचारलं.

"उभं कशाला राहायचं? माझ्या शेजारी बस. ब्लँकेट मोठं आहे. हवं तेवढं ओरड."

वर पियानो सुरू झाला, कॅरिनने त्याचा हात धरला आणि दोघं जिना चढायला लागले. म्हणजे आता सप्टेंबरपर्यंत माझ्या बेसिनमध्ये केस. आणि पोरांचा काही भरवसा नाही.