पुंडलिकरावांची तारीख

नाचणगावच्या पुंडलिकरावांचं 'पोपट छाप' काळं दंतमंजन बायको मंदाबाई गेल्यावरही खपत राहिलं, पण घर बंद पडल्यासारखंच झालं. मूलबाळ नव्हतं. ती होती तोवर चार माणसं जोडून होती; हा माणूस मुळातच तुसडा, शेजारीही कामापुरतं बोलायचे. त्यात १९५४ साली पुलगावच्या ताराचंदशेठनं 'मैना छाप' मंजन काढलं. नाव मैना, पण लेबलावरचा पक्षी हिरवागार, लाल चोचीचा, पुंडलिकरावांच्या पोपटासारखाच पेरूच्या फांदीवर बसलेला. अशी मैना ब्रह्मदेवानंही घडवली नसेल. गिऱ्हाईक फसायला लागलं आणि पुंडलिकराव तणतणत वर्ध्याला आमच्या वकीलसाहेबांकडे आले. मी तिथे कारकून होतो.

दावा लागला. वादी आणि प्रतिवादी पुलगावहून एकाच पॅसेंजरनं येत. पहिल्या तारखेला एकमेकांकडे पाठ करून बसले. पण पुकारा होईपर्यंत अख्खा दिवस कोर्टापुढच्या एकाच कडुनिंबाखाली काढायचा म्हटल्यावर माणूस तोंड फिरवून किती वेळ बसेल? ताराचंदशेठनं डबा उघडून पुऱ्या पुढे केल्या. पुढच्या तारखेला पुंडलिकरावांनी झुणका-भाकर आणली, दोघांपुरती. एरवी शिळंपाकं खाणारा हा माणूस तारखेच्या दिवशी पहाटे उठून चूल पेटवायचा. आत वकील एकमेकांच्या पक्षकाराला लबाड ठरवायचे आणि बाहेर हे दोघं लोणचं वाटून घ्यायचे. मला भारी गंमत वाटायची.

पुढे ताराचंदशेठनं नमतं घेतलं. मैना काढून मोर घातला, तडजोड झाली, दावा मिटला. "सुटलो बाप्पा आपण दोघंही," पायऱ्या उतरताना तो म्हणाला. पुंडलिकरावांनी एकदा वळून कडुनिंबाकडे पाहिलं.

महिन्याभरानं ते पुन्हा आमच्या ऑफिसात हजर. 'मोर छाप'ची डबी टेबलावर ठेवून म्हणाले, "याची मान पाहा. माह्या पोपटासारखीच हाय."

वकीलसाहेब हसले. मोर निळा, पोपट हिरवा, यात कोण फसेल? दावा उभाच राहायचा नाही, असं समजावून ते कोर्टात गेले. पुंडलिकराव मात्र उठेनात. मला सगळं कळलं आणि वाईट वाटलं. पुलगाव तर तुमच्या गावाला लागूनच आहे, मी म्हणालो, जाऊन बसावं की शेठच्या दुकानात.

"काय म्हणून जाऊ?" डबी फिरवत ते म्हणाले. "जिंकाचं नाई मले. तारीख तेवढी मियते का पाहा."