चुलीजवळचा पाहुणा

जगाला हात न लावता जग पाहणं, याहून कठीण व्रत विज्ञानात दुसरं नाही. हे वाक्य आमच्या प्रमुख डॉक्टरांनी प्रशिक्षणाच्या पहिल्या दिवशी उच्चारलं. प्रशिक्षण नाशिकच्या द्वारका चौकाजवळच्या एका हॉटेलच्या सभागृहात होतं, आणि खालच्या हॉर्नमुळे त्यांना ते दोनदा उच्चारावं लागलं. दुसऱ्यांदा ते जरा कमी उदात्त वाटलं.

चुलीच्या धुराच्या त्या अभ्यासात मी पर्यवेक्षक होतो, म्हणजे जीपमध्ये ड्रायव्हरशेजारी बसण्याचा हक्क असलेला माणूस. त्याआधी मी दुसऱ्या एका अभ्यासात काम केलं होतं. तिथे दवाखान्यात आजारी माणसाच्या खाटेशी बसून, दहा वर्षांपूर्वी तुम्ही काय खात होतात, असं विचारायचं असे. माणसं सभ्य असतात. समोरच्याला जे हवं असेल ते आठवून देतात. नवी पद्धत याच्या उलट होती. आज धडधाकट असलेल्या बायका निवडायच्या, कोण किती धुरात स्वयंपाक करते ते मोजायचं, आणि पुढे काही वर्षं कुणाचा श्वास कमी होतो ते पाहत राहायचं. आठवणीवर काही सोपवायचं नाही. मला हे पटलं होतं.

आमचे पाडे सुरगाण्याच्या डोंगरात. दरवर्षी भात झोडून झालं की आम्ही जायचो. पाड्यावरच्या आरोग्य कार्यकर्त्या, आशाताई, आठवडाभर आधी घरोघर दिवस कळवून ठेवायच्या. चुलीजवळच्या भिंतीवर हवा मोजणारं यंत्र एक दिवस टांगायचं, बाईला दुसऱ्या एका यंत्रात जोरात फुंकायला लावायचं, आणि दोन्ही निकाल लिहिलेलं कार्ड तिच्या हाती द्यायचं.

त्यातल्या एका घरची बाई पंचेचाळिशीची होती. तिची फुंकर दरवर्षी उतरत होती. घरातली हवा मात्र दरवर्षी स्वच्छ निघे. चौथ्या वर्षी फुंकर ठरलेल्या मर्यादेखाली गेली, तेव्हा नियमाप्रमाणे आम्ही तिला तालुक्याच्या दवाखान्यात पाठवलं. तिथल्या डॉक्टरांनी सांगितलं, धूर बंद करा, नाहीतर पुढे चार पावलं चालणं जड जाईल. तिने घरी येऊन ते सांगितलं. मुलगा हंगामात दिंडोरीकडे द्राक्षबागेत कामाला असे, तेव्हा नेमका घरी होता. त्याने पत्र्याच्या पेटीतून आमची चारही कार्डं काढली. चारही कार्डांवर लिहिलं होतं, ‘स्वयंपाकघरातील हवा : चांगली’. मग सिलिंडर जीपने आणण्याची दगदग कशासाठी, असं त्याचं म्हणणं. चूल चालू राहिली.

हे मला पाचव्या वर्षी कळलं, तेही चष्म्यामुळे. यंत्र काढून, कार्ड देऊन आम्ही निघालो आणि पुढच्या पाड्यावर पोचल्यावर लक्षात आलं की माझा चष्मा तिच्या ओट्यावर राहिला. जीप दुसऱ्यांना हवी होती, म्हणून मी चालत परत गेलो. घराच्या कौलांतून सगळीकडून धूर निघत होता. आत ती चुलीपुढे बसून फुंकणीने जाळ करत होती. दोन फुंका, मग खोकला, मग थोडं थांबणं. कोपऱ्यात गॅसच्या शेगडीवर भरतकामाचं फडकं पुन्हा चढलं होतं.

मी विचारलं, ताई, सकाळी तर गॅस चालू होता.

ती म्हणाली, “सकाळी पाहुणे होते ना, भाऊ. तुमच्या डोळ्यांत धूर गेला तर बरं दिसत नाय.”

मी म्हटलं, आम्ही तर चहा घेऊन लगेच गेलो होतो. यंत्र तेवढं रात्रभर होतं. तर ती म्हणाली, ते पण तुमचंच, नाशिकहून आलेलं. ते भिंतीवर असेतो घरात माणूस बसल्यासारखं वाटतं. त्याच्यापुढे धूर कसा करणार?

पाच वर्षं आम्ही पाहुणचार मोजत होतो.

मी विचारलं, हे मुलाला का नाही सांगितलं? तिला प्रश्न विचित्र वाटला. “मला वाटलं, यंत्राला सगळं समजतं,” ती म्हणाली.

पिशवीत पुढच्या घरासाठीचं यंत्र होतं. ते मी पुन्हा त्याच खिळ्याला टांगलं. म्हटलं, “ताई, आज याला पाहुणा समजू नका.” तिला हसू आलं आणि त्या हसण्यानेच खोकल्याची उबळ आली. दुसऱ्या दिवशी आकडा पाहिला. कार्डावर ‘चांगली’च्या पुढे दोनच रकाने होते. त्यातल्या शेवटच्यावर मी खूण केली, खाली सही केली, आणि आशाताईंच्या फोनवरून मुलाला बागेतच गाठलं. त्याला खरा आकडा सांगितला. तो म्हणाला, जुनी कार्डं फाडू का? मी म्हटलं, फाड.

नाशिकला बैठकीत मी सगळं सांगितलं. प्रमुख डॉक्टर वाईट माणूस नव्हते. त्यांनी डोळे मिटले आणि इतर घरांचं काय, असं विचारलं. ते कुणालाच सांगता येईना. पुढच्या वर्षीपासून न कळवता जायचं ठरलं. पहिल्याच आठवड्यात निम्म्या घरांना कुलूप मिळालं, कारण न कळवता येणाऱ्यासाठी शेतातून घरी कोण येणार. अहवालाच्या शेवटी ‘मर्यादा’ नावाचा भाग असतो, त्यात या सगळ्याला दीड ओळ मिळाली.

त्या बाईचं घर मात्र आकडेवारीतून काढावं लागलं. पाहणाऱ्याने हात लावला होता. यावर मी वाद घातला नाही. लावला तर होताच. अडचण एवढीच की संगणकात घर वगळायचं तर कारण निवडावं लागे आणि कारणं तीनच होती : मृत्यू, स्थलांतर, संपर्क तुटला. माहिती भरणाऱ्या मुलीने मला विचारून तिसरं निवडलं.

त्या बाईची फुंकर वाढलेली नाही. उतरणं थांबलंय, असं तालुक्याचे डॉक्टर म्हणतात. गेल्या महिन्यात मी तिच्याकडे जेवून आलो. भाकरी नागलीची होती, गॅसवरची. अहवालात त्या घराशी आमचा संपर्क तुटलेला आहे.