दोन घोडे राहिले

तुम्ही पाठवलेल्या फोटोत रस्त्याकडेची एक अख्खी भिंत कुणीतरी रंगवलेली आहे. तो फोटो पाहून मला नंदुरबारची एक भिंत आठवली.

साठ सालच्या आगेमागे आम्ही तिथे सरकारी दवाखान्याजवळ राहत होतो. तुमचे आजोबा शाळेत शिक्षक होते. दवाखान्यासमोर नगरपालिकेची भिंत होती. एका सकाळी त्या भिंतीवर मोलगीकडच्या डोंगरातला एक माणूस घोडे काढताना दिसला. काडीचं टोक चावून केलेला कुंचला आणि पानाच्या द्रोणात दुधात कालवलेला रंग. शेजारी बसणारी भाजीवाली त्याला रोज चिडवायची, "घोडाले तीनच पाय? चौथा काय बजारले गया?"

तो मान न वळवता म्हणायचा, "येईल."

त्याची बायको दवाखान्यात होती, एवढं मला ठाऊक होतं. तिच्यापाशी बसून उरलेल्या वेळात हा मन रमवतो, असं मी धरून चालले. घोडे मला फार आवडले. बाजाराच्या दिवशी गुरं भिंतीला अंग घासत आणि रंग उडे. म्हणून मी मुख्याधिकाऱ्यांना इंग्रजीत अर्ज लिहिला. चित्र सुंदर आहे, कुंपण घालून जपावे. समास सोडून, तीन परिच्छेद, भिंतीचा पत्ता अगदी नेमका.

चौथ्या दिवशी चुन्याची बादली आली. धुळ्याहून मोठे साहेब येणार होते आणि भिंत माझ्याच अर्जामुळे कचेरीच्या नजरेत आली होती.

"अहो थांबा, चित्र राखा म्हणून लिहिलं होतं मी!"

"मी काय करू माय, हुकूम शे," चुना लावणारा म्हणाला. "भिंत कोठे शे ते तुम्हीच लिखं ना."

घोडे काढणारा त्याच्याशी भांडला नाही. तो माझ्याकडे आला. अडखळत्या मराठीत त्याने सांगितलं तेव्हा मला पहिल्यांदा कळलं, की ते घोडे म्हणजे बायकोसाठी बोललेला नवस होता. ते घरच्या भिंतीवर काढायचे असतात, पण इथे त्याला घर कुठलं?

"बाई, साहेबाला सांग. दोन घोडे राहिले. पुरे झाले की पुसा. अर्धे पुसू नका."

"माझ्या घराची भिंत घे," मी म्हटलं.

त्याने नकारार्थी मान हलवली. जिथे मांडले तिथेच पुरे व्हावे लागतात.

मी तशीच कचेरीत गेले. मुख्याधिकारी भेटले नाहीत. कारकून म्हणाला, "तुमच्या अर्जावर कार्यवाही झाली, बाई. आता नवीन अर्ज द्या." मी तिथेच उभ्याने लिहून दिला. परतले तेव्हा भिंत पांढरी झाली होती. तो ओल्या चुन्यावर घोड्याची पाठ काढू पाहत होता आणि रंग खाली ओघळत होता.

दोन दिवसांनी त्याने बायकोला गावी न्यायला बाहेर आणलं. ती बरी झालेली नव्हती. बैलगाडीत उशाला गाठोडं घेऊन ती पडली होती. घोडे कुठे आहेत, असं तिने विचारलं असावं, कारण तिने मान उचलली. तो चालता चालता गाडीच्या दुसऱ्या बाजूला आला आणि भिंत संपेपर्यंत तिच्या आणि भिंतीच्या मधून चालत राहिला.

मी खिडकीत उभी होते.