गॅरेजातल्या उद्याच्या मोटारी

बारामतीत माझं गॅरेज आहे. गाडी खोलून ठेवली की गिऱ्हाईक बसून राहतं, आणि बसलेला माणूस गप्प राहत नाही. किस्से साचणारच! त्यात मी भिंतीवर चित्रं लावली. विसाव्या शतकात परदेशातल्या चित्रकारांनी ‘पुढं मोटारी अशा असतील’ म्हणून काढलेली. तेव्हापासून तर विचारूच नका!

एक चित्र उडत्या मोटारीचं. माळेगावचा एक ऊसवाला ते बराच वेळ न्याहाळत होता. म्हटलं, “आवडलं वाटतं?”

“पंख झ्याक हायेत,” तो म्हणाला. “पण ट्रॉली कुठं जोडायची?”

दुसऱ्या चित्रातल्या मोटारीची चाकं घराएवढी! सुप्याचा टेम्पोवाला बघताक्षणी म्हणाला, “ह्यो गडी आमच्या रस्त्यानं येऊन गेलाय!”

तिसऱ्यात मोटार म्हणजे चालता दिवाणखानाच. ड्रायव्हर नाही, मंडळी सोफ्यावर आरामात, एक बाई किटलीतून चहा ओततेय. पणदऱ्याच्या शालनकाकू स्कूटी घेऊन आल्या होत्या. चित्र बघून फणकारल्या, “गाडी आपली आपण चालतीया, पण च्या बाईच वततीया व्हय!”

त्या दिवशी चहा मी केला.

याच चित्रापुढं इंदापूरचे बाजीरावआबा मात्र ड्रायव्हरची रिकामी जागा बघत उभे राहिले. आबांनी जन्मभर ट्रक चालवला. नजर अधू झाली, डॉक्टरांनी ड्रायव्हिंग बंद केलं. तेव्हापासून दुसऱ्याच्या गाडीत बसले की डोळे मिटून घ्यायचे. त्या दिवशी त्यांची लेक वैशाली त्यांना नव्या गाडीतून घेऊन आली होती. बटण दाबलं की गाडी स्वतःच पार्क होते म्हणे.

गॅरेजपुढं मोकळी जागा होती. तिनं आबांनाच स्टेअरिंगपुढं बसवलं, आपण शेजारी बसली. “आबा, कशाला हात लावायचा नाही हं!”

तिनं बटण दाबलं. स्टेअरिंग आपोआप फिरायला लागलं. आबांचे हात मांडीवर चुळबुळत होते. गाडी मागं सरकली तसं त्यांना राहवेना. खिडकीतून मान बाहेर काढून ओरडायलाच लागले, “येऊ दे... येऊ दे... जरा डावीकडं... बास!”

गाडी तिथंच थांबली.

आबा लेकीकडं वळले. कितीतरी दिवसांनी हसले.

“ऐकती की गं माझं!”

वैशालीनं बाहेर डोकावून बघितलं. गाडी अगदी सरळ उभी होती.

“जरा तिरकी लागली, आबा,” ती म्हणाली. “परत लावू या?”