पुढच्या रांगेतला

आमच्या बँकेच्या गोमतीनगर शाखेतला एक कारकून जेवणाच्या सुट्टीत मोबाइलवर बुद्धिबळासारखा एक खेळ खेळतो. आपण फक्त मोहरे मांडायचे, लढाई आपोआप होते. डाव सुरू करण्याआधी तो रुमालाने स्क्रीन पुसतो आणि हरला तरी समोरच्याला "मुबारक हो" म्हणतो. मलाही त्यानेच शिकवलं, "सर, महँगा मोहरा पीछे, कोने में. सस्ते वाले आगे. मार वही खाएँगे."

मी जिंकू लागलो.

मग माझ्या हातून एका पेन्शनरचा अर्ज हरवला. चौकशीला आलेल्या साहेबांना मी, शाखेचा मॅनेजर, म्हणालो की अर्ज या कारकुनाच्याच टेबलावर होता. मेमो त्याला मिळाला.

दुसऱ्या दिवशी त्याने तशीच स्क्रीन पुसली, माझ्यासाठी खुर्ची ओढली. "आइए सर, अब तो आप हमसे अच्छा खेलते हैं."