दारामागचे आवाज

अक्षर गिचमिड आहे, ऱ्हस्व-दीर्घही चुकलं असेल. शाळा चौथीपर्यंतच झाली. माफ करावं. पण बाईंबद्दल लिहून ठेवायचंच आहे.

बाई हंगेरीच्या. तिकडे टीव्हीच्या मालिका आणि सिनेमे लिहायच्या. आखातातल्या दोहा शहरात, अल मुंतझा भागातल्या त्यांच्या फ्लॅटमध्ये मी घरकाम करायचे. लिहिताना त्या दार लावून गोष्टीतल्या सगळ्या माणसांची बोलणी स्वतःच मोठ्यानं म्हणायच्या. कधी पुरुषाचा आवाज, कधी म्हातारीचा, कधी नुसतं रडणं. पहिल्या आठवड्यात मला वाटलं, आत कुणाला मारताहेत. मी झाडू धरून दाराशी उभी. बाई बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "मेला तो खोटा होता. चहा दे."

त्यांचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, म्हणून जमलं. "तीस वर्षं मी लोकांना रडवलं," त्या म्हणायच्या. "मग नवी माणसं आली आणि माझा फोन वाजायचा थांबला." म्हणून त्या इथल्या एका कंपनीची मालिका लिहायला आल्या होत्या. आगाऊ पैसेही घेतले होते.

एकदा त्यांनी माझ्या हातावरच्या डागाबद्दल विचारलं. नवऱ्यानं इस्त्री टेकवली होती. त्याला न सांगता मी इथं पळून आले. दीर दोह्यातच गाडी चालवतो, त्याला मी इथं असल्याचं माहीत नाही. दुकानात जाताना मी ओढणी तोंडावर घेते. हे कुणालाच सांगितलं नव्हतं, बाईंना सांगितलं.

"इस्त्री टेकवताना नवरा काय म्हणाला? तुझ्या भाषेत सांग," बाई म्हणाल्या.

मी सांगितलं.

महिन्याभरानं चहा घेऊन गेले, तर बंद दारामागून मराठी आलं, "हात पुढं कर!" ट्रे पडला. मी हात पोटाशी धरून खालीच बसले.

बाई धावत आल्या.

"मॅडम, हे टीव्हीवर नको. दीर ओळखेल."

"नाव बदलते. हाताऐवजी पाय घेते."

"तरी ओळखेल. इस्त्री टेकवली तेव्हा तो दारात उभा होता."

बाई माझ्याशेजारी फरशीवर बसल्या. म्हणाल्या, "खूप वर्षांनी चांगलं लिहिलं होतं गं."

दुसऱ्या दिवशी त्यांनी गोष्ट मागे घेतली. कंपनीनं सांगितलं, गोष्ट द्या नाहीतर पैसे परत करा. पैसे तर खर्च झाले होते. मग साठीच्या बाई अल गराफातल्या शाळांत मुलांची नाटकं बसवायला जाऊ लागल्या. दोन वर्षं हप्ते भरले. दर महिन्याला मला धसका, या थकतील आणि गोष्ट देऊन टाकतील. विचारायची हिंमत नव्हती.

एका दुपारी बँकेतून आल्या त्या चपला न काढताच स्वयंपाकघरात. "खलास!" म्हणाल्या आणि पावती माझ्या ओल्या हातात दिली. इंग्रजी मला वाचता येत नाही. पण तळाशी, किती देणं उरलं ते लिहितात तिथं, एकच शून्य होतं.