सातवं रीळ

गोंदियाच्या आमच्या टॉकीजमध्ये सिनेमा कधी पूर्ण दाखवला जात नसे. मी तिथे ऑपरेटर होतो, म्हणून सांगतो. ज्या रिळात गाणं नाही, मारामारी नाही, ते मालक सरळ गाळायला लावत. सहावं संपलं की आठवं लावायचं. कुणाला पत्ता लागत नसे. दोन वर्षं मीही निमूट गाळत होतो. त्याची आज लाज वाटते.

मग एक पिक्चर आला. शहरात नोकरीला आलेल्या माणसाचा. सातव्या रिळात तो खोलीवर येतो, स्टोव्ह पेटवतो, उभ्यानेच जेवायला लागतो. जिन्यावर पावलं वाजतात. तो घास हातात धरून थांबतो. पावलं वर निघून जातात. बस, एवढंच. सकाळी रिकाम्या थेटरात मी ते लावून पाहिलं आणि गुंडाळून पुन्हा लावलं. तिरोड्याकडचं गाव सोडून मीही राइस मिलमागच्या खोलीत असाच राहत होतो. गावी नुसता शिंकलो तरी तीन घरं विचारायची.

मालक म्हणाले, "सातवाँ निकाल दो."

"काऊन काढू? चांगलं तर आहे."

"उसमें कुछ होता ही नहीं. लगाया तो तेरी छुट्टी."

नोकरी गेली तर परत बापाच्या बांधीत धान रोवायला जावं लागणार होतं. तरी दुपारच्या खेळाला मी सातवं लावलं आणि केबिनला आतून कडी घातली.

शिट्ट्या सुरू झाल्या. खालून कुणी ओरडलं, "अबे, झोपला का ऑपरेटर? काही होऊनच नाही राहिलं!" मालक दार बडवत होते. माझं डोकं असं तापलं होतं की विचारू नका. आम्ही रोज जगतो ते यांना दहा मिनिटं बघवत नाही? बघा म्हणावं!

रीळ पूर्ण चाललं. मग आठवं लावून मी दार उघडलं. मालकांनी केबिनची किल्ली मागितली. "खेळ संपवून देतो," म्हणालो, आणि संपवूनच दिली.

दुसऱ्या दिवशी मी तिकीट काढून पुढच्या बाकावर बसलो. नव्या ऑपरेटरने सहाव्यावर आठवं लावलं. मी उभा राहून ओरडलो, "सातवं कुठं आहे?"

लोक हसले. मी पुन्हा ओरडलो. डोअरकीपरने माझी कॉलर धरली, तेवढ्यात मागून कालच्या खेळाला आलेला कुणीतरी गरजला, "हाव, दाखव ना बे! थो माणूस जेवून राहिला होता!"